सेसिल देक्युजिस: ‘ब्रेथलेस’ आणि ‘मोद’ यांचे संकलन एकाच हाताचे कसे?

दृश्यवेध (प्रश्न)

गेल्या पंधरा दिवसांत मी दोन फ्रेंच चित्रपट लागोपाठ पाहिले आणि श्रेयनामावलीतल्या एका नावापाशी माझी नजर अडली. पहिला जाँ-लुक गोदार यांचा १९६० सालचा ‘ब्रेथलेस’, मूळ नाव ‘आ बू द सूफ्ल’. दुसरा एरिक रोमेर यांचा १९६९ सालचा ‘मा न्युई शे मोद’, म्हणजे ‘मोदच्या घरची माझी रात्र’. पहिल्या चित्रपटात गाडीतले ते प्रसिद्ध दृश्य असे कापले आहे की नायक बोलत राहतो, पुढच्या आसनावरच्या मुलीची मान पडद्यावर तशीच राहते आणि मागचा रस्ता मात्र दर वाक्याला बदलतो. दुसऱ्या चित्रपटात एका घरात तीन माणसे, आणि पुढे दोनच, रात्र सरत जाईपर्यंत तत्त्वज्ञ पास्कल, श्रद्धा आणि लग्न यांवर बोलतात, आणि तिथे कट नेमका कुठे आला हे मला दुसऱ्यांदा पाहतानाही धड सांगता आले नाही. दोन्ही चित्रपटांच्या संकलनापुढे नाव आहे ते सेसिल देक्युजिस यांचे.

ही एकच व्यक्ती असेल, तर नऊ वर्षांच्या अंतराने ती इतके वेगळे काम कसे करू शकली, हे मला समजून घ्यायचे आहे. जम्प कटचा, म्हणजे शॉटच्या मधला तुकडा काढून चित्राला उडी मारायला लावणाऱ्या कटचा, विषय निघाला की आपण सगळे श्रेय गोदार यांना देऊन मोकळे होतो. त्यात संकलकाचा वाटा किती मानावा? आणि दिग्दर्शकाच्या कारकिर्दीत जसे एक सूत्र शोधता येते, तसे संकलकाच्या कारकिर्दीत शोधता येते का, की प्रत्येक वेळी दिग्दर्शकाचीच शैली दिसत राहणार? मी या विषयावर एक दीर्घ लेख लिहीत आहे. म्हणून केवळ चित्रपटांची यादी न देता कामाच्या अंगाने कोणी समजावून सांगितले तर फार उपकार होतील.

जुनी रिळे (उत्तर)

व्यक्ती एकच आहे. देक्युजिस यांचा जन्म १९३० साली झाला आणि २०१७ साली त्यांचे निधन झाले. ज्यांना आज आपण ‘नूव्हेल व्हाग’ म्हणजे नव्या लाटेचे दिग्दर्शक म्हणतो, त्यांच्या पहिल्यावहिल्या लघुपटांपासून त्या त्यांच्याबरोबर होत्या. फ्रान्स्वा त्रुफो यांनी १९५७ साली नीम शहरात चित्रित केलेला ‘ले मिस्तों’ त्यांनी संकलित केला. त्याच काळातले गोदार यांचे दोन लघुपटही त्यांच्याच हातून गेले, आणि त्यांपैकी ‘तू ले गार्सों सापेल पात्रिक’ची पटकथा रोमेर यांची होती. म्हणजे ‘मोद’च्या कितीतरी आधी रोमेर यांचे शब्द त्यांच्या संकलनाच्या टेबलावर येऊन गेलेले होते. त्यामुळे १९६९ साली त्या रोमेर यांच्याकडे अचानक कुठूनतरी आल्या, असे आपल्या लेखात येऊ देऊ नका.

मधल्या नऊ वर्षांची गोष्ट मात्र चित्रपटाच्या इतिहासापुरती मर्यादित नाही. १९५४ ते १९६२ हा फ्रान्सविरुद्धच्या अल्जीरियाच्या स्वातंत्र्ययुद्धाचा काळ. देक्युजिस यांनी १९५७ साली ट्युनिशियात जाऊन तिथे आश्रयाला आलेल्या अल्जीरियन निर्वासितांवर स्वतः एक माहितीपट केला होता. पॅरिसमध्ये त्या अल्जीरियाच्या राष्ट्रीय मुक्ती आघाडीला मदत करत होत्या आणि त्यांच्या नावावर भाड्याने घेतलेले एक घर आघाडीच्या कामासाठी वापरले जात होते. मार्च १९६० मध्ये ‘ब्रेथलेस’ पॅरिसच्या चित्रपटगृहांत लागला, आणि त्याच वर्षी त्यांना अटक झाली. शिक्षा पाच वर्षांची झाली आणि त्यांपैकी सुमारे दोन वर्षे त्यांनी तुरुंगात काढली.

आता याच वर्षातले बाकीचे धागे जोडून पाहा. त्रुफो यांच्या ‘तिरे स्युर ल पियानिस्त’ या १९६० सालच्या चित्रपटावर संकलक म्हणून देक्युजिस आणि क्लोदीन बूशे अशी दोघींची नावे आहेत. त्यानंतरचा ‘ज्यूल ए जिम’ एकट्या बूशे यांचा आहे. गोदार यांनी १९६० साली जिनिव्हात ‘ल पती सोल्दा’ चित्रित केला, ज्याचा विषयच अल्जीरियाच्या युद्धाची फ्रान्स-स्वित्झर्लंडमध्ये चाललेली छुपी बाजू हा होता आणि ज्यावर १९६३ पर्यंत बंदी राहिली. त्याच्या संकलनात आन्येस गियमो आल्या, आणि साठच्या दशकातले गोदार यांचे बहुतेक चित्रपट पुढे त्यांनीच संकलित केले. ज्या दोन वर्षांत नव्या लाटेची जगभर ख्याती झाली, त्याच काळात तिच्या पहिल्या संकलकांपैकी एक तुरुंगात होती. इतिहासाच्या पुस्तकांत हे एका ओळीत उरकले जाते, याचे मला नेहमी वाईट वाटते.

टेबलापाशी

मी स्वतः संकलनाचे काम करतो. सुरुवातीची काही वर्षे फिल्म हाताने कापून जोडली आहे आणि त्यानंतर संगणकावर आलो. तुमच्या प्रश्नातल्या ‘इतके वेगळे काम’ या भागाबद्दल लिहितो, कारण त्याचे उत्तर माझ्या मते सर्वांत आधी ध्वनीत आहे आणि चित्रपटावरच्या पुस्तकांत ध्वनीकडे फारसे कोणी पाहत नाही.

‘ब्रेथलेस’ १९५९ च्या उन्हाळ्यात चित्रित झाला तो कामेफ्लेक्स कॅमेऱ्यावर. हा कॅमेरा हातात धरता येण्याइतका हलका, पण चालताना मोठा आवाज करणारा होता. त्यामुळे चित्रीकरणाच्या जागी वापरण्याजोगा आवाज मुद्रित होत नसे आणि सगळे संवाद नंतर डब केले गेले. संकलकाच्या दृष्टीने याचा अर्थ फार मोठा आहे. चित्राच्या पट्टीला आवाजाची पट्टी बांधलेली नसते, तेव्हा शॉटच्या मधला कोणताही तुकडा काढून टाकता येतो, कारण कापले जाणारे वाक्य अजून अस्तित्वातच नसते. ते नंतर हव्या त्या लांबीचे बोलून घेता येते. तुम्ही सांगितलेल्या गाडीच्या दृश्यात नायकाचे बोलणे सलग आहे आणि चित्र तुटलेले आहे. ते शक्य झाले ते या सुट्या आवाजामुळे. पहिली जुळणी दोन तासांच्या बरीच पुढे गेली होती आणि चित्रपट दीड तासाचा द्यायचा होता, हे गोदार यांनी अनेकदा सांगितलेले आहे. रूढ मार्ग असा की काही प्रसंग पूर्णच काढायचे. इथे प्रसंग ठेवले गेले आणि त्यांच्या पोटातून वेळ काढून घेतला गेला.

‘मोद’ची सामग्री याच्या नेमकी उलट होती. रोमेर यांनी तिथे जागेवरच मुद्रित केलेला आवाज वापरला. नट बोलत असताना त्याचा श्वास, मध्येच घेतलेला घोट, पांघरुणाची सळसळ हे सगळे त्या ध्वनिफितीत आहे. अशा आवाजात शॉटच्या मधले अर्धे सेकंदही उचलले तर कान लगेच दचकतो. शिवाय रोमेर मोजकेच टेक घेत आणि फिल्म जपून वापरत, त्यामुळे संकलकासमोर पर्यायांचा ढीग नसे. मग काम काय उरते, असे वाटेल. उरते ते ऐकणाऱ्याचे. एक माणूस बोलत असताना पडद्यावर त्याला ठेवायचे की जो ऐकतो आहे त्याला, आणि ऐकणाऱ्यावर गेल्यावर बोलणाऱ्याकडे परत केव्हा यायचे, हा निर्णय प्रत्येक मिनिटाला घ्यावा लागतो आणि दोन तासांत शेकडो वेळा घ्यावा लागतो. मोद आपल्या प्रियकराच्या अपघाती मृत्यूबद्दल सांगते तो भाग पुन्हा पाहा. तिथे तिच्यावर किती वेळ थांबले आहे ते मोजा. समोरच्या पुरुषाची प्रतिक्रिया लवकर दाखवली असती, तर तिचे दुःख प्रेक्षकाने त्याच्या नजरेने पाहिले असते. ते होऊ दिलेले नाही. हा कट न घेण्याचा निर्णय आहे आणि संकलकाच्या वहीत तो कटाइतकाच कष्टाचा असतो.

फ्रेंच संकलकांच्या भाषेत पहिल्या ओबडधोबड जुळणीला ‘ऊर्स’ म्हणजे अस्वल म्हणतात. सगळ्या अंगावर केस असलेले, जड, हलायला तयार नसलेले काहीतरी समोर बसलेले असते आणि त्यातून चित्रपट काढायचा असतो. माझा अनुभव असा आहे की प्रत्येक अस्वल वेगळे असते आणि जो संकलक मागच्या अस्वलाची युक्ती नव्यावर वापरतो तो फसतो. एका चित्रपटात मी स्वतः तसा फसलो आहे. आधीच्या कामात गाजलेली वेगवान कापाकापी पुढच्या संथ चित्रपटावर लादली आणि तीन आठवड्यांचे काम उलगडून पुन्हा पहिल्यापासून बसावे लागले. म्हणून देक्युजिस यांच्या हातातला फरक मला विसंगती वाटत नाही; समोरच्या सामग्रीला काय पेलते हे त्यांनी दोन्ही वेळा अचूक ओळखले.

कृष्णधवल

वरची दोन्ही उत्तरे अभ्यासपूर्ण आहेत, तरी एका बाबतीत सावधगिरी बाळगावी असे सुचवतो. जम्प कट कोणाला सुचले याबद्दल एकमत नाही. दिग्दर्शक जाँ-पियेर मेलव्हील, ज्यांनी ‘ब्रेथलेस’मध्ये लेखक पार्व्हुलेस्कोची छोटी भूमिका केली आहे, ते चित्रपट आखूड करण्याच्या सल्ल्याचे श्रेय स्वतःकडे घेत असत. गोदार यांनी गाडीच्या दृश्याबद्दल सांगितलेली आठवण अशी आहे की नायक बेलमोंदो आणि नायिका सीबर्ग यांचे आलटून पालटून घेतलेले शॉट दोन्हीकडून थोडे थोडे कमी करण्याऐवजी नाणे उडवून एकाची बाजू पूर्ण काढून टाकायचे ठरले, आणि पडद्यावर सीबर्ग राहिली. आठवणी पुढे अनेक वर्षांनी सांगितल्या जातात आणि सांगताना त्यांना आकार येतो. दिग्दर्शकाचे एकट्याचे श्रेय काढून ते जसेच्या तसे संकलकाच्या खात्यात टाकले, तर चूक तीच राहील. फक्त नाव बदलेल. आपल्या लेखात ‘हा कट यांचा’ असे ठामपणे न लिहिणे बरे.

टेबलापाशी

कृष्णधवल यांचे म्हणणे मला मान्य आहे आणि मी जम्प कट देक्युजिस यांना सुचले असे म्हटलेलेही नाही. पण सुचणे आणि चालवून दाखवणे यांत मोठे अंतर आहे, ते इथे नोंदवले पाहिजे. ‘आतून काप’ हे एका वाक्यात सांगता येते. त्यानंतर प्रत्यक्ष कोणत्या फ्रेमवर कापायचे, हा प्रश्न उरतो. सेकंदाला चोवीस फ्रेम असतात. मान किंचित वळलेली असताना कापले तर उडी जाणवते आणि आवडते. दोन फ्रेम पुढे कापले तर तीच उडी प्रयोगशाळेतली चूक वाटते. फ्रेंचमध्ये जुळणीच्या कटाला ‘राकोर’ म्हणतात आणि चुकलेल्या जुळणीला ‘फो राकोर’, म्हणजे खोटी जुळणी. त्या काळी शिकाऊ सहायकाला पहिली शिकवण फो राकोर टाळण्याची असे. जी गोष्ट वर्षानुवर्षे दोष म्हणून टाळायला शिकलो ती मुद्दाम करायची आणि तरीही प्रेक्षकाला हरवू द्यायचे नाही, यासाठी नियम मोडणाऱ्याला तो नियम हातात मुरलेला असावा लागतो. नाणे उडवून निर्णय झाला असेल, तरी नाणे फ्रेम दाखवत नाही.

आणखी एक मुद्दा, जो तुमच्या ‘सूत्र’ या प्रश्नाशी जोडलेला आहे. रोमेर यांचा १९७६ सालचा ‘दी मार्क्वीझ फॉन ओ’ हा जर्मन लेखक क्लाइस्ट यांच्या कथेवरचा, जर्मन भाषेतला चित्रपटही देक्युजिस यांनीच संकलित केला. त्या कथेत सगळे ज्या प्रसंगावर फिरते, बेशुद्ध नायिकेवर झालेला तो अत्याचार, तो पडद्यावर येतच नाही. त्याच्या आधीचे आहे, नंतरचे आहे आणि मध्ये एक पोकळी आहे, जी प्रेक्षकाला नायिकेइतकीच उशिरा कळते. अर्थात ही योजना कथेची आणि दिग्दर्शकाची आहे. पण ती पोकळी किती रुंद असावी, प्रेक्षकाला संशय यावा की येऊ नये, हे टेबलावर ठरते. ‘ब्रेथलेस’मधल्या गाळलेल्या सेकंदांनंतर सोळा वर्षांनी तीच व्यक्ती एवढी मोठी गाळलेली जागा सांभाळते आहे, हे पाहिल्यावर मला तरी दोन कामांत दुवा दिसतो. काय दाखवले नाही याची जबाबदारी दोन्हीकडे सारखीच घेतलेली आहे.

रेषा आणि रीळ

तुलनेसाठी आणखी दोन कारकिर्दी सुचवते, कारण एकट्या देक्युजिस यांच्यावरून फ्रेंच संकलकांचे सर्वसाधारण चित्र काढता येणार नाही.

पहिली आन्येस गियमो यांची, ज्यांचा उल्लेख वर आला आहे. त्या ‘इडेक’ या पॅरिसच्या चित्रपट शिक्षणसंस्थेत शिकलेल्या होत्या. या संस्थेच्या जागी १९८६ साली ‘ला फेमिस’ आली आणि तिथे संकलनाचा स्वतंत्र विभाग आहे. गियमो यांनी ‘ल मेप्री’, ‘बांद आ पार’, ‘आल्फाव्हिल’, ‘ला शिनवाझ’ आणि ‘वीकेंड’ असे गोदार यांचे चित्रपट संकलित केले आणि १९६८ पासून त्रुफो यांच्याकडे ‘बेझे व्होले’ व ‘लांफां सोव्हाझ’ यांसारख्या चित्रपटांवर काम केले. ज्या हातांनी ‘वीकेंड’ कापला, त्याच हातांनी वर्षभरात ‘बेझे व्होले’ची हळवी, विनोदी लय सांभाळली. पुढे १९७५ साली जाँ-शार्ल ताकेला यांचा ‘कुझां कुझीन’ आणि १९९९ साली कातरीन ब्रेया यांचा ‘रोमांस’. चार दिग्दर्शक, चार स्वभाव, जवळजवळ चाळीस वर्षे.

दुसरी कारकीर्द त्याच्या एक पिढी आधीची, मार्गरित रन्वार यांची. १९३० च्या दशकात त्या दिग्दर्शक जाँ रन्वार यांच्या सहचारिणी होत्या. लग्न झालेले नव्हते, पण आडनाव त्यांनी कायम लावले. ‘ला ग्रांद इल्युझियों’ आणि ‘ला रेग्ल द्यू झ’ त्यांनी संकलित केले. त्याहून महत्त्वाचा मला ‘पार्ती द कांपान्य’ वाटतो. तो १९३६ साली चित्रित झाला, अपुरा राहिला, आणि पुढे रन्वार अमेरिकेत असताना मार्गरित यांनी तो जुळवला. १९४६ साली तो प्रदर्शित झाला. दिग्दर्शक समुद्रापलीकडे आणि चित्रपट संकलकाच्या टेबलावर, असा तो प्रकार होता. त्यानंतर त्यांनी जाक बेकेर यांच्यासाठी ‘कास्क दोर’ आणि ‘तुशे पा ओ ग्रिझ्बी’ केले. दिग्दर्शकाच्या सावलीत वावरलेली बाई असे त्यांच्याबद्दल म्हणण्यापूर्वी ‘पार्ती द कांपान्य’चा शेवट पाहावा, जिथे नदीवर पडणाऱ्या पावसाच्या शॉटमधून काही वर्षे निघून जातात.

या तिघींच्या बरोबरीने निकोल ल्युबचान्स्की यांचे नाव घ्यावे लागते, ज्या १९६९ च्या ‘लामूर फू’पासून २००९ पर्यंत जाक रिव्हेत यांच्याबरोबर राहिल्या. फ्रान्समध्ये संकलकाची कारकीर्द बहुतेकदा अशी एखाद्या दिग्दर्शकाबरोबरच्या दीर्घ सोबतीने आखली जाते, आणि देक्युजिस यांच्या बाबतीत ती सोबत गोदार यांच्याशी न होता रोमेर यांच्याशी झाली. ‘मोद’पासून १९८४ च्या ‘ले न्युई द ला प्लेन ल्यून’पर्यंत पंधरा वर्षे ती टिकली. त्यानंतरचा ‘ल रेयों व्हेर’ मारिया लुइसा गार्सिया यांचा आणि नव्वदच्या दशकातले व त्यापुढचे बरेचसे काम हाँगकाँगमध्ये जन्मलेल्या मेरी स्टीफन यांचे. रोमेर यांच्या या तिन्ही संकलकांचे चित्रपट लागोपाठ पाहिले तर तुमच्या सूत्राच्या प्रश्नाची परीक्षा घेता येईल, कारण तिथे दिग्दर्शक तोच राहतो आणि संकलक तेवढी बदलते.

दृश्यवेध

सर्वांचे मनापासून आभार. काल रात्री ‘मोद’ पुन्हा लावला आणि ‘टेबलापाशी’ यांनी सांगितल्याप्रमाणे घड्याळ घेऊन बसलो. मोद बोलू लागल्यावर मी प्रतिक्रियेच्या कटाची वाट पाहत राहिलो, आणि थोड्या वेळाने वाट पाहायचे विसरून तिचेच ऐकू लागलो. सेकंद मोजायचे राहून गेले, म्हणून तो भाग तिसऱ्यांदा लावला.

लेखाची रचना मी आता बदलतो आहे. सुरुवात जम्प कटने करणार होतो, ती ‘पात्रिक’ या लघुपटापासून करीन, कारण गोदार, रोमेर आणि देक्युजिस तिथेच एकत्र भेटतात. अटकेचा भाग स्वतंत्र परिच्छेदात राहील. कृष्णधवल यांच्या सूचनेनुसार ‘यांचा कट’ असे शब्द काढून टाकले आहेत आणि नाण्याची गोष्ट गोदार यांची आठवण म्हणूनच देईन. आता रोमेर आणि देक्युजिस यांचाच ‘ला फाम द लाव्हियातर’ पाहायचा आहे. १९८१ सालचा हा चित्रपट पॅरिसच्या रस्त्यांवर, बसमध्ये आणि ब्यूत-शोमों बागेत १६ मिलिमीटर फिल्मवर घेतला आहे. रस्त्याचा गोंगाट आणि जागेवरचा आवाज असताना तिथले कट कसे लपवले आहेत, किंवा लपवायचे टाळले आहेत का, ते पाहून इथेच लिहीन.